जळालेली रिळे आणि त्यांचा माग काढणारा माणूस : कमल स्वरूप, घाशीराम आणि फाळके

आजचा धागा दीर्घ आहे. विषय चित्रपटाचा असला तरी प्रश्न इतिहासाचाच आहे, आणि त्यातील बरीच माणसे आपल्या रत्नागिरीच्या मातीतली आहेत. सवडीने वाचावा.

डिसेंबर १९०१. दापोलीजवळच्या मुर्डी या छोट्या गावी जन्मलेला एक तरुण केंब्रिजहून मुंबईस परतला. नाव रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे. दोन वर्षांपूर्वी, १८९९ साली, केंब्रिजच्या गणित परीक्षेत 'सीनिअर रँग्लर' होण्याचा मान त्याने मिळवला होता. हा मान मिळवणारा तो पहिला भारतीय. साहजिकच मुंबईत त्याचे जंगी स्वागत झाले. त्या गर्दीत हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, हे छायाचित्रकार लंडनहून मागवलेला कॅमेरा घेऊन उभे होते. हाताने दांडा फिरवीत त्यांनी तो प्रसंग फिल्मवर टिपला. याच सावेदादांनी १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमधील कुस्तीचे चित्रण केले होते. परांजप्यांच्या आगमनाचे हे चित्रण भारतीय माणसाने केलेले पहिले वृत्तचित्र मानले जाते.

ते रीळ आज अस्तित्वात नाही.

मोडी कागद हरवले, वाळवीने खाल्ले, वाण्याच्या पुड्यांत गेले, अशा हकिकती आपण नेहमी ऐकतो. पण कागदाची दुसरी प्रत निघते, उतारा सापडतो, एखाद्या निवाड्यात त्याचा उल्लेख तरी मिळतो. रिळाचे तसे नसते. रीळ गेले की त्यातली हालचाल गेली. रँग्लर परांजपे कसे दिसत हे छायाचित्रांतून कळते. पंचविशीचा तो माणूस बंदरावर कसा चालला, लोकांकडे पाहून हसला की संकोचला, हे आता कोणत्याही साधनातून कळणार नाही.

अशा वेळी इतिहासकाराने काय करायचे? बहुतेक जण उपलब्ध साधनांवर लिहितात आणि पुढे जातात. एका चित्रकर्त्याने मात्र हरवलेल्या गोष्टींचा माग काढण्यात आयुष्याचा मोठा भाग घातला. त्याचे नाव कमल स्वरूप. तो मराठी नव्हे. अजमेरात वाढला, पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकला. परंतु मराठी इतिहासाशी तो दोनदा भिडला, आणि दोन्ही वेळा प्रायोगिक चित्रपटाच्या वाटेने. एकदा नाना फडणवीसांच्या पुण्याशी, दुसऱ्यांदा दादासाहेब फाळक्यांच्या आयुष्याशी.

पहिल्या भेटीची गोष्ट सांगण्यासाठी आधी वेळासला जायला हवे.

मंडणगड तालुक्यातील वेळास आज समुद्री कासवांसाठी प्रसिद्ध आहे. फेब्रुवारी-मार्चमध्ये पिल्ले समुद्राकडे जाताना पाहायला मुंबई-पुण्याची मंडळी येतात. शेजारी सावित्रीच्या मुखावर बाणकोटचा किल्ला. या वेळासचे भानू घराणे घाटावर गेले आणि पेशव्यांच्या फडणिशीपर्यंत पोहोचले. बाळाजी जनार्दन भानू, म्हणजे नाना फडणवीस, यांचा जन्म मात्र १७४२ साली साताऱ्याचा. कोकणातल्या समुद्रकाठच्या गावांतून निघून देशावरच्या राजकारणात शिरलेल्या अनेक कुटुंबांपैकी हे एक. पुण्याला ते सत्तेचे माहेरघर वाटे, पण त्यांचे कुलदैवत आणि मूळ घर खाली कोकणात राहिले. इतिहासाच्या पुस्तकात हा भूगोल एका वाक्यात उरकला जातो. घाट उतरून वेळासला एकदा गेल्याशिवाय हे अंतर किती होते ते लक्षात येत नाही.

नानांबद्दल दोन गोष्टी लक्षात ठेवा. पहिली, ते पानिपतावरून जीव वाचवून परत आलेल्यांपैकी होते, आणि त्यांनी त्या काळापर्यंतचे छोटे आत्मचरित्र लिहून ठेवले आहे. अठराव्या शतकातील मराठी माणसाने स्वतःविषयी इतके मोकळेपणाने लिहिणे दुर्मीळच. तरुणपणच्या कामवासनेची आणि मनाच्या दुबळेपणाची कबुलीही त्यात आहे. दुसरी, वाईजवळच्या मेणवलीच्या त्यांच्या वाड्यात त्यांचे प्रचंड दफ्तर होते. पुढे पारसनिसांसारख्या संशोधकांना ते पाहायला मिळाले, आणि उत्तर पेशवाईविषयी आपण जे जाणतो त्यातला मोठा वाटा त्या दफ्तराचा आहे. म्हणजे नाना हे मराठ्यांच्या इतिहासातील सर्वांत जास्त कागद मागे ठेवणाऱ्या पुरुषांपैकी एक. त्यांच्या स्मृतीवरून एवढे वादळ उठावे, हा योगायोग नव्हे असे मला वाटते. ज्याचे कागद भरपूर, त्याच्यावर हक्क सांगणारेही भरपूर.

आता घाशीराम. घाशीराम सावळदास हा उत्तर हिंदुस्थानी ब्राह्मण पुण्याचा कोतवाल होता. ऑगस्ट १७९१ मध्ये त्याच्या शिपायांनी काही तेलंगी ब्राह्मणांना चोरीच्या आळावरून पकडले आणि एका अरुंद, कोंदट खोलीत डांबले. रात्रीतून वीसहून अधिक माणसे गुदमरून मेली. शहर खवळले. पेशव्यांच्या दरबाराने अखेर घाशीरामाला जमावाच्या स्वाधीन केले आणि दगडांनी ठेचून त्याचा प्राण घेण्यात आला. त्या वेळी पुण्यात असलेला इंग्रज वकील चार्ल्स मॅलेट याने या घटनेचा वृत्तांत लिहिला आहे. १८६३ साली मोरोबा कान्होबा यांनी याच नावाचे पुस्तक लिहिले. मराठीतील आरंभीच्या कथात्मक गद्यात त्याची गणना होते. म्हणजे विजय तेंडुलकरांच्या हाती येईपर्यंत घाशीराम आधीच शंभर वर्षे साहित्यात वावरत होता.

१६ डिसेंबर १९७२ रोजी पुण्यात 'घाशीराम कोतवाल' रंगमंचावर आले. संस्था प्रोग्रेसिव्ह ड्रॅमॅटिक असोसिएशन, दिग्दर्शक जब्बार पटेल, संगीत भास्कर चंदावरकर, नृत्यरचना कृष्णदेव मुळगुंद, नानांच्या भूमिकेत मोहन आगाशे. रंगमंचावर ब्राह्मणांची एक रांग: तीच पडदा, तीच भिंत, तीच गर्दी आणि तीच नगरी. गात, डुलत ती रांग फुटते, पुन्हा जुळते, आणि मागे जे घडते ते कधी दाखवते, कधी झाकते. तेंडुलकरांनी स्वतः हे नाटक अनैतिहासिक असल्याचे म्हटले होते. त्यांना रस होता तो सत्ताधाऱ्याने आपल्या सोयीसाठी एक क्रूर माणूस उभा करायचा, वापरायचा आणि गरज संपताच जमावापुढे टाकायचा, या प्रकारात.

पुण्याने ते अनैतिहासिक म्हणून पाहिले नाही. नानांची बदनामी, एका ज्ञातीची बदनामी, असे आक्षेप आले. एकोणीस प्रयोगांनंतर संस्थेने नाटक थांबवले. कलावंत बाहेर पडले, १९७३ मध्ये त्यांनी थिएटर अकॅडमी स्थापन केली आणि १९७४ पासून नाटक पुन्हा सुरू झाले. १९८० साली ते युरोपात गेले, तेव्हाही वाद झालाच.

येथे एक तिरकस निरीक्षण. नानांच्या चारित्र्यावरून भांडणाऱ्या दोन्ही बाजूंनी नानांच्या आत्मचरित्राचा आधार फारसा घेतलेला दिसत नाही. त्यातील कबुलीवरून नाटकातला नाना सिद्ध होत नाही, हे उघड आहे. तरुणपणच्या मनोविकारांबद्दल लाजणारा माणूस आणि नाटकातील विलासी म्हातारा यांच्यात फार अंतर आहे. पण नाना म्हणजे निष्कलंक पुतळा, हेही त्या आत्मचरित्रातून सिद्ध होत नाही. तो स्वतःकडे पाहून अस्वस्थ होणारा माणूस होता. हा तिसरा नाना ना आक्षेप घेणाऱ्यांना हवा होता, ना टाळ्या वाजवणाऱ्यांना.

१९७६. देशात आणीबाणी. २५ जून १९७५ च्या रात्री लागलेली ही आणीबाणी २१ मार्च १९७७ पर्यंत चालली. वृत्तपत्रांवर नियंत्रण, विरोधक तुरुंगात. याच काळात फिल्म इन्स्टिट्यूटमधून बाहेर पडलेल्या तरुणांनी 'युक्त फिल्म को-ऑपरेटिव्ह सोसायटी' या नावाने सहकारी संस्था काढली. साखर कारखाना, दूधसंघ, पतपेढी यांत सहकार पाहिलेल्या महाराष्ट्राला सहकारी चित्रपट नवा होता. त्यांनी निवडलेला विषय 'घाशीराम कोतवाल'. पटकथा तेंडुलकरांची. दिग्दर्शक म्हणून एक नाव नाही, चार आहेत: के. हरिहरन, मणि कौल, सईद अख्तर मिर्झा आणि कमल स्वरूप. कॅमेराही एकाच्या हाती नव्हता. छायालेखकांत बिनोद प्रधान, राजेश जोशी, मनमोहन सिंग आणि वीरेंद्र सैनी. नाना मोहन आगाशेच, आणि घाशीराम झाला ओम पुरी, तेव्हा अगदी नवखा नट.

या चित्रपटाकडे 'नाटकाचे चित्रीकरण' म्हणून पाहू नये. नाटकाची सगळी ताकद त्या माणसांच्या भिंतीत होती, आणि भिंत ही समोरून पाहण्याची वस्तू आहे. प्रेक्षक खुर्चीत बसलेला असतो, तो भिंतीच्या पलीकडे जाऊ शकत नाही. म्हणूनच ती झाकू शकते. कॅमेरा मात्र पलीकडे जाऊ शकतो. मग झाकायचे कसे? या तरुणांनी हंगेरीचा दिग्दर्शक मिक्लोश यांचो याच्याकडे पाहिले. यांचो न कापता दीर्घकाळ चालणारी चित्रणे करी. मोकळ्या मैदानात माणसांचे घोळके फिरत, कॅमेरा त्यांच्यात फिरे, आणि कोण शिकारी व कोण सावज हे एकाच चित्रणात बदलून जाई. युक्तच्या मंडळींनी ही पद्धत मराठी लोककलेच्या ठेक्याशी जुळवली. परिणाम सहज पचणारा नाही. नाटक पाहिलेल्यांना त्याची लय संथ वाटते, आणि तक्रारीत तथ्य आहे. पण जमाव हीच मुख्य व्यक्तिरेखा आहे, हे नाटकापेक्षा चित्रपटात अधिक ठळक होते.

आणीबाणीत हे चित्र तयार झाले, हे लक्षात घेतले की अठराव्या शतकाचा आडपडदा कशासाठी होता हे वेगळे सांगावे लागत नाही. सत्तेच्या वर्तमानाविषयी उघड बोलता येत नाही, तेव्हा माणसे बखरी उघडतात. कीचकवधाच्या कथेतून कर्झनशाहीवर बोलणारे कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर आठवा. १९०७ मध्ये रंगमंचावर आलेले ते नाटक सरकारने १९१० मध्ये बंद केले होते. मराठी रंगभूमीला ही युक्ती जुनी. 'युक्त'ने ती चित्रपटात आणली.

आणि मग हा चित्रपट जवळजवळ हरवला. नियमित प्रदर्शन नाही, चित्रपटगृहांत खेळ नाहीत, प्रती मोजक्याच. चाळीस वर्षांच्या आत मराठ्यांच्या इतिहासावरचा हा प्रयोग पाहायचा तर बर्लिन गाठण्याची वेळ आली. तिथल्या 'आर्सेनाल' या संस्थेच्या संग्रहात एक प्रत सुरक्षित राहिली होती. तिच्यावरून अलीकडे डिजिटल प्रत तयार झाली आणि चित्रपट पुन्हा पाहायला मिळाला. वेळासच्या भानूंच्या वंशजावरचा, पुण्यात शिकलेल्या मुलांनी केलेला, मराठी भाषेतला चित्रपट टिकला तो जर्मनीत! पेशवाईची कित्येक कागदपत्रे लंडनच्या कपाटात सापडतात, तसलाच हा प्रकार. फरक इतकाच की इथे कुणी काही नेले नव्हते, आपणच जपले नाही.

कमल स्वरूप यांच्या पुढच्या वाटचालीबद्दल थोडक्यात. रिचर्ड ॲटनबरो यांच्या 'गांधी' या १९८२ च्या चित्रपटासाठी त्यांनी सहायक म्हणून काम केले. राष्ट्राचा इतिहास भव्य पडद्यावर कसा मांडतात, हे त्यांनी आतून पाहिले. नंतर स्वतः केले ते नेमके उलट. १९८८ चा 'ओम दर-ब-दर' हा अजमेर-पुष्करच्या परिसरातला, शाळकरी मुलाच्या स्मरणासारखा उडत्या तुकड्यांचा चित्रपट. ज्योतिष, जाहिराती, बेडूक, धर्म, विज्ञानाचे धडे, सगळे एकत्र. कथा सांगा म्हटले तर कुणालाच नीट सांगता येत नाही. समीक्षकांचा फिल्मफेअर पुरस्कार मिळूनही चित्रपटगृहात तो लागला २०१४ च्या जानेवारीत, म्हणजे सव्वीस वर्षांनी. मधल्या काळात तो अंधुक व्हिडिओ प्रतींवरून हातोहात फिरत राहिला.

आता दुसरी भेट : फाळके.

धुंडिराज गोविंद फाळके, जन्म ३० एप्रिल १८७०, त्र्यंबकेश्वर. शाळेत आपण एवढेच शिकतो की त्यांनी 'राजा हरिश्चंद्र' काढला आणि तो ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कोरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये लागला. कोकणकरांनी येथे थांबून एक नाव उच्चारायलाच हवे: रामचंद्र गोपाळ तोरणे, म्हणजे दादासाहेब तोरणे. मालवणकडचे, तेव्हा मालवण रत्नागिरी जिल्ह्यातच होते, सिंधुदुर्ग वेगळा झाला १९८१ मध्ये. तोरण्यांचा 'श्री पुंडलिक' त्याच कोरोनेशनमध्ये १८ मे १९१२ रोजी, म्हणजे वर्षभर आधी, दाखवला गेला. मग पहिला कोण? पुंडलिक हे रंगमंचावरील नाटकाचे चित्रीकरण होते, कॅमेरा परकीय तंत्रज्ञाने चालवला आणि फिल्म धुण्यासाठी इंग्लंडला पाठवली गेली, म्हणून मान फाळक्यांकडे जातो. माझे मत विचाराल तर पहिलेपणाचा हा झगडा फारसा फलदायी नाही. मला अधिक चटका लावते ते हे, की 'पुंडलिक'ही आज पाहायला मिळत नाही. जी वस्तू समोरच नाही, तिच्या जन्मतारखेवरून आपण भांडत आहोत.

'हरिश्चंद्र'च्या आधी फाळक्यांनी एक छोटी गोष्ट केली. एका कुंडीत वाटाणा पेरला आणि रोज ठरावीक वेळाने त्याची एकेक चौकट टिपत राहिले. महिन्याभराची वाढ पडद्यावर काही क्षणांत दिसू लागली: बी फुटते, कोंब वर येतो, वेल चढते. भांडवल देणाऱ्यांना हे माध्यम काय करू शकते ते पटवण्यासाठी केलेला हा प्रयोग. भारतातील प्रायोगिक चित्रपटाचा इतिहास लिहायचा तर त्याचे पहिले पान या वाटाण्याचे असावे. देव नाही, राजा नाही, गोष्ट नाही. फक्त काळ दिसतो आहे.

फाळक्यांवर परेश मोकाशी यांनी २००९ मध्ये 'हरिश्चंद्राची फॅक्टरी' हा सुंदर मराठी चित्रपट केला. त्यात फाळके खेळकर, उत्साही, संकटातही हसतमुख आहेत, आणि गोष्ट 'हरिश्चंद्र'च्या यशानंतर संपते. बहुतेकांच्या मनातले फाळके असेच. कमल स्वरूप यांना मात्र ओढ लागली ती पुढच्या फाळक्यांची. १९१८ मध्ये नाशिकला हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी निघाली, भागीदार आले, भागीदारांशी खटके उडाले, आणि भारतीय चित्रपटाचा हा जनक सारे सोडून काशीला निघून गेला. तिथे त्याने नाटक लिहिले. नाव 'रंगभूमी', सात अंकी, नाटकधंद्यावरच टीका करणारे. पुढे १९२२ मध्ये ते रंगमंचावर आले, फार चालले नाही, आणि फाळके चित्रपटाकडे परतले.

काशीतल्या त्या काळाचे चित्रण नाही, रीळ नाही. आहेत ती पत्रे, आठवणी आणि एक नाटक. हाताशी एवढेच असताना चित्रपट कसा काढायचा? स्वरूप यांचा 'रंगभूमी' हा माहितीपट फिल्म्स डिव्हिजनने निर्माण केला आणि ६१ व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत तो सर्वोत्कृष्ट कथाबाह्य चित्रपट ठरून त्याला सुवर्णकमळ मिळाले. यात नट फाळके होऊन मिशा लावून फिरत नाही. चित्रकर्ता आजच्या काशीत फिरतो, फाळक्यांच्या खुणा शोधतो, आणि बहुतेक ठिकाणी त्याला मिळते ते केवळ ठिकाण. घाट तोच, गल्ली तीच. माणूस निघून गेलेला. ज्या कुणी जुन्या बखरीतला वाडा शोधायला जाऊन मोकळे पटांगण पाहिले आहे, त्याला हा अनुभव ओळखीचा वाटेल.

स्वरूप यांची पद्धत थोडी तपशिलाने सांगतो, कारण इतिहास करणाऱ्या तरुणांना ती उपयोगी आहे. ते फाळक्यांचे चरित्र लिहायला बसले नाहीत. वर्षानुवर्षे त्यांनी एक काळपट जुळवला: फाळके अमुक साली अमुक ठिकाणी होते, तेव्हा जगात काय शोध लागत होते, कोणती यंत्रे बाजारात आली होती, वर्तमानपत्रांत काय छापून येत होते, कोणती साथ पसरली होती. त्र्यंबक, मुंबईचे जे. जे. स्कूल, बडोद्याचे कलाभवन, लोणावळ्याचा छापखाना, नाशिक, काशी. फाळके जिथे जिथे राहिले, त्या शहरांत त्यांनी विद्यार्थ्यांना घेऊन कार्यशाळा केल्या. मुलांनी शोधावे, काढावे, पुन्हा रचावे. यातून 'ट्रेसिंग फाळके' हे ग्रंथरूप काम राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडून प्रसिद्ध झाले.

या पद्धतीत धोका आहे, तो सांगितलाच पाहिजे. योगायोगांची माळ ओवता ओवता ती कारणपरंपरा वाटू लागते. रवी वर्म्याचा छापखाना, जादूचे प्रयोग, प्लेगची साथ, सिनेमा ही सगळी फाळक्यांच्या आयुष्यात शेजारी शेजारी होती, हे खरे. पण एकाने दुसरे घडवले हे सिद्ध करायला वेगळा पुरावा लागतो. अभ्यासकाने येथे सावध राहावे. उलट बाजूने पाहता, शेजारी काय होते हे मांडल्याशिवाय कारण शोधायला सुरुवातच होत नाही. राजवाड्यांनी खंडामागून खंड काढले तेही आधी सामग्री मांडण्यासाठीच. स्वरूप यांचे काम मला त्या जातीचे वाटते: निष्कर्षाआधीची मांडामांड.

आणि मांडण्यासारखे उरले तरी किती? मूकपटांच्या काळात भारतात तेराशेहून अधिक चित्रपट निघाले असे मानतात. त्यातले पूर्ण किंवा तुकड्यातुकड्यांनी शिल्लक आहेत ते जेमतेम तीसच्या आसपास. कारण नायट्रेट. त्या काळची फिल्म सेल्युलोज नायट्रेटची असे. ती सहज पेट घेते, एकदा पेटली की पाण्यातही विझत नाही, आणि न पेटता नुसती पडून राहिली तरी चिकट होऊन शेवटी तिची भुकटी होते. शिवाय फिल्मवरच्या लेपात चांदी असते, म्हणून जुनी रिळे चांदीसाठी मोडीत गेली. 'राजा हरिश्चंद्र'च्या चार रिळांपैकी पहिले आणि शेवटचे एवढीच मिळाली, आणि तीही १९१३ ची की फाळक्यांनी १९१७ मध्ये पुन्हा केलेल्या आवृत्तीची, यावर अभ्यासकांत मतभेद आहेत. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची स्थापना १९६४ ची. त्याचे शिल्पकार पी. के. नायर यांनी नाशिकला फाळके कुटुंबाकडे जाऊन अशी रिळे मिळवली. 'कालियामर्दन'सारखा चित्रपट आज पाहता येतो तो या धडपडीमुळे. पण ८ जानेवारी २००३ रोजी पुण्यातील नायट्रेट फिल्मच्या साठ्याला आग लागली आणि मूळ रिळांचा फार मोठा भाग काही तासांत गेला. प्रभातची रिळे त्यात होती. ज्यांच्या प्रती आधी उतरवून घेतल्या होत्या ते चित्रपट वाचले; मूळ गेले ते गेले.

कमल स्वरूप पुन्हा काशीला गेले ते २०१४ च्या लोकसभा निवडणुकीत. 'बॅटल फॉर बनारस' नावाचा माहितीपट त्यांनी केला, आणि परिनिरीक्षण मंडळाने त्याला प्रमाणपत्र नाकारले. शंभर वर्षांनी कुणी काशीतल्या त्या निवडणुकीचा इतिहास लिहायला बसेल, तेव्हा त्याला हे चित्रण सापडेल की त्याचाही कालपटच जुळवावा लागेल, सांगता येत नाही.

शेवटी रत्नागिरीकरांसाठी एक अगदी व्यावहारिक गोष्ट. साठ-सत्तरच्या दशकात मुंबईच्या अनेक चाकरमान्यांकडे आठ मिलिमीटरचे छोटे कॅमेरे आले होते. गणपतीला, शिमग्याला, लग्नकार्याला गावी आल्यावर त्यांनी काही ना काही टिपले असणार: पालखी, होडीतून खाडी ओलांडणारी माणसे, आज रस्त्याखाली गेलेले सडे. ही फिल्म नायट्रेटची नाही, ॲसिटेटची असते, ती पेटण्याची भीती नसते. पण कोकणातल्या दमट हवेत ती आंबते. डबा उघडल्यावर व्हिनेगरचा उग्र वास आला तर समजावे की ऱ्हास सुरू झाला आहे, आणि तो शेजारच्या रिळांनाही लागतो. अशी रिळे बाकीच्यांपासून वेगळी काढावीत. प्लॅस्टिकच्या पिशवीत घट्ट बांधू नयेत, माळ्यावरच्या उष्णतेत ठेवू नयेत. घरातल्या सर्वांत थंड आणि कोरड्या जागी ठेवावीत. जुन्या प्रोजेक्टरवर घालून पाहण्याचा मोह आवरावा, कारण आकसलेली फिल्म दात्यांत अडकून फाटते. आधी डिजिटल प्रत करून घ्यावी, आणि डब्यावर गाव, साल, दिसणाऱ्या माणसांची नावे पेन्सिलीने लिहावीत. ती नावे ओळखणारी आजी किंवा आजोबा घरात असतील, तर हे काम या गणपतीतच उरकून घ्या.